डीएलएल सापडत नाही, म्हणून डीएलएल शोधत फिरू नका

गंगाखेडहून आलेला प्रश्न थोडक्यात असा. कीर्तन-भारुडाच्या रेकॉर्डिंगचं काम आहे, कॉम्प्युटर विंडोज १०, ६४ बिट. नवी एसएसडी बसवून दुकानातून विंडोज नव्यानं टाकून घेतलं. तेव्हापासून जुना कराओके प्रोग्राम ‘एक्सऑडिओ२_७.डीएलएल सापडत नाही’ म्हणतो. ती फाइल एका साइटवरून उतरवून सिस्टम३२ मध्ये टाकली, काही फरक नाही. प्रोग्रामच्याच फोल्डरात टाकली तर ०एक्ससी०००००७बी असा एरर यायला लागला. शिवाय फोनवरची एम४ए फाइल ऑडॅसिटी या रेकॉर्डिंगच्या प्रोग्रामात उघडत नाही, जुने इफेक्टचे प्लगइन दिसेनासे झालेत, आणि परवा साउंडचा ड्रायव्हर टाकत असताना लाइट गेली तेव्हापासून आवाजच नाही, स्पीकरच्या चिन्हावर लाल फुली. हरिनाम सप्ताह तोंडावर आलाय.

रामकृष्ण हरी. तक्रारी चार आहेत, पण त्यांचे मालक वेगवेगळे आहेत, आणि खरी गोम तिथंच आहे. डीएलएल म्हणजे अनेक प्रोग्रामनी मिळून वापरायची कोडची फाइल. सप्ताहाच्या पंगतीची मोठी पातेली घरोघरी नसतात. देवळाची असतात, ज्याच्या घरी कार्य असेल तो घेऊन जातो. तसंच आवाज मिसळणं, एमपी३ उलगडणं, स्पीकरपर्यंत पोचवणं ही कामं प्रत्येक प्रोग्राम स्वतः करत नाही, सामायिक फाइलकडून करून घेतो. पातेलं दिसेना झालं तर आधी ते कोणाचं होतं हे विचारायचं. देवळाचं असेल तर देवळातून आणायचं, रस्त्यावरून नाही.

आवाजाच्या डीएलएलचे मालक चारच. काही विंडोजच्या स्वतःच्या: डीसाउंड, विनएमएम, एमएमडेव्हएपीआय, ऑडिओसेस. काही मायक्रोसॉफ्टच्याच, पण वेगळ्या पॅकेजमधून येणाऱ्या: एक्सऑडिओ२_७, एक्स३डीऑडिओ१_७, किंवा एमएसव्हीसीपी१४० सारख्या व्हिज्युअल सी प्लस प्लसच्या फाइल. काही प्रोग्रामच्या किंवा त्याच्या जोडीदाराच्या: एव्हीकोडेक, ओपनएएल३२, प्लगइन. आणि काही साउंड कार्डाच्या ड्रायव्हरच्या. दुरुस्तीचा रस्ता मालकाप्रमाणे बदलतो. एका मालकाचं औषध दुसऱ्याला लागू पडत नाही.

आधी आवाज परत आणा

चौथी तक्रार पहिल्यांदा घेऊ, कारण खालचा पायाच हललेला असेल तर वरच्या तीन दुरुस्त्या टिकणार नाहीत.

लिहिणं चालू असताना लाइट जाते तेव्हा नेमकं काय बिघडतं? एनटीएफएस ही फाइलपद्धत आपल्या नोंदवहीचा रोजमेळ ठेवते. त्यामुळे फाइलची नावं आणि जागा सहसा वाचतात, पण फाइलच्या आतला मजकूर वाचेलच याची हमी तो रोजमेळ देत नाही. शिवाय स्वस्तातल्या एसएसडी डेटा आधी स्वतःच्या कॅशमध्ये धरतात आणि वीज तुटल्यावर तो वाचवायला त्यांच्यात वेगळी सोय नसते. मग फाइल दिसते, आकारही बरोबर दिसतो, आत मात्र कचरा किंवा नुसती शून्यं. अशी डीएलएल लोड होत नाही.

दुरुस्ती या क्रमानं करा आणि क्रम मोडू नका. आज्ञा मी इथं देवनागरीत लिहितोय, टाइप करताना अर्थात रोमन अक्षरं. कमांड प्रॉम्प्ट ‘रन ॲज ॲडमिनिस्ट्रेटर’नं उघडा. पहिली आज्ञा ‘चेकडिस्क सी: /एफ’ (चेकडिस्कचं रोमन स्पेलिंग chkdsk). ती पुढच्या रीस्टार्टला चालवू का विचारेल, वाय दाबा आणि रीस्टार्ट करा. त्यानंतर ‘डिझम /ऑनलाइन /क्लीनअप-इमेज /रिस्टोअरहेल्थ’ (डिझम म्हणजे dism). शेवटी ‘एसएफसी /स्कॅननाऊ’.

डिझम आधी का? एसएफसी बिघडलेली सिस्टम फाइल ओळखून तिची चांगली प्रत विंडोजच्या कोठारातून, म्हणजे विनएसएक्सएस या फोल्डरातून, उचलते. कोठारातलीच प्रत सडलेली असेल तर एसएफसी हात वर करते. कोठार भरून देण्याचं काम डिझमचं. बरेच जण नुसती एसएफसी चालवून ‘काही फाइल दुरुस्त करता आल्या नाहीत’ हे उत्तर बघतात आणि थेट विंडोज नव्यानं टाकायला जातात. डिझम चालवून पुन्हा एसएफसी केलं असतं तर बहुतेक वेळा भागलं असतं.

डिझम चांगल्या प्रती विंडोज अपडेटकडून मागवतं. तालुक्याच्या गावी नेट रखडतं, आकडा एकाच टक्क्यावर तासभर बसतो. तेव्हा तुमच्याच आवृत्तीची आयएसओ फाइल, म्हणजे विंडोजच्या इन्स्टॉल डिस्कची एका फाइलीतली प्रत, पेनड्राइव्हवर आणा आणि डबलक्लिक करा, ती नव्या ड्राइव्हसारखी उघडेल. समजा ती ई: आली. मग त्याच आज्ञेला पुढं ‘/सोर्स:विम:ई:\सोर्सेस\इन्स्टॉल.विम:१ /लिमिटॲक्सेस’ जोडा. काही आयएसओत विमऐवजी ईएसडी फाइल असते, तिथं दोन्ही ठिकाणी ईएसडी लिहा. शेवटचा १ म्हणजे आवृत्तीचा क्रमांक, होम की प्रो वगैरे. तो ‘डिझम /गेट-विमइन्फो /विमफाइल:’ आणि पुढं फाइलचा पत्ता देऊन आधी बघून घ्या. चुकीचा क्रमांक दिला तर ‘सोर्स सापडला नाही’ हेच उत्तर मिळतं आणि माणूस उगाच आयएसओला दोष देतो.

एक शंका राहते. दुकानातून टाकलेलं विंडोज ‘लाइट’ प्रकारचं आहे का? जुन्या मशीनवर हलकं चालावं म्हणून कोणीतरी काटछाट केलेली आवृत्ती सर्रास टाकली जाते. त्यात कोठारच रिकामं केलेलं असतं, त्यामुळे डिझम आणि एसएफसी दोन्ही निकामी. तसं असेल तर वेळ घालवू नका, मायक्रोसॉफ्टच्या मूळ आयएसओनं विंडोज पुन्हा टाका. आवृत्तीच्या नावापुढं एन हे अक्षर असेल तर प्रकार निराळा: त्यात मीडियाचे भाग मुळातच नसतात, एमएफप्लॅट.डीएलएल सापडत नाही असं येतं. तिथं सेटिंग्जच्या ऑप्शनल फीचर्समधून मीडिया फीचर पॅक घातला की झालं.

आता ड्रायव्हर. एसएफसी फक्त विंडोजच्या मालकीच्या फाइल बघते. साउंड चिप बनवणाऱ्याच्या ड्रायव्हरमधल्या डीएलएलशी तिला देणंघेणं नाही, आणि तुमची लाइट गेली ती नेमकी तोच टाकताना. डिव्हाइस मॅनेजर उघडा, साउंडच्या गटात ते उपकरण राइट-क्लिक करून अनइन्स्टॉल करा, ‘ड्रायव्हर सॉफ्टवेअरही काढा’ या चौकटीत खूण करा आणि रीस्टार्ट करा. विंडोज स्वतःचा साधा ‘हाय डेफिनिशन ऑडिओ डिव्हाइस’ ड्रायव्हर लावेल. कंपनीचा ड्रायव्हर पुन्हा घालायची घाई करू नका. त्याच्यासोबत येणाऱ्या प्रक्रियेच्या डीएलएल आवाजात बास वाढवणं, घुमारा आणणं, आवाज समपातळीत ओढणं असले उद्योग करतात. मृदंगाची थाप आणि टाळ एकत्र रेकॉर्ड करताना ते नकोच असतं. साधा ड्रायव्हर रेकॉर्डिंगला उलट बरा.

लाल फुली तरीही राहिली तर सर्व्हिसेस.एमएससी उघडा. ‘विंडोज ऑडिओ’ ही सेवा ‘विंडोज ऑडिओ एंडपॉइंट बिल्डर’वर अवलंबून असते. आधी बिल्डर सुरू करा, मग ऑडिओ. दोन्हींचा प्रकार ऑटोमॅटिक हवा.

विजेचं एक सांगून पुढं जातो. घरच्या इन्व्हर्टरवर कॉम्प्युटर चालवत असाल तर मागचं बटण बघा. बऱ्याच इन्व्हर्टरना यूपीएस आणि साधा असे दोन मोड असतात. साध्या मोडमध्ये लाइट गेल्यावर बॅटरीवर यायला जरा जास्त वेळ लागतो, पंख्याला कळत नाही पण कॉम्प्युटर रीस्टार्ट होतो. बटण यूपीएसकडं ठेवा. आणि डिव्हाइस मॅनेजरमध्ये डिस्कच्या पॉलिसीज टॅबवर ‘राइट-कॅश बफर फ्लशिंग बंद करा’ अशी चौकट आहे, तिथं खूण असेल तर काढून टाका. वेगासाठी ती लावायचा सल्ला फिरत असतो. भारनियमनाच्या मुलखात तो घेऊ नये.

एक्सऑडिओ आणि तो विचित्र आकडा

एक्सऑडिओ२_७ ही फाइल विंडोज १० सोबत येतच नाही. विंडोज ८ मध्ये २_८ आली, विंडोज १० मध्ये २_९. नवी आहे म्हणून जुन्या प्रोग्रामला चालेल असं नाही, तो नाव घेऊन २_७ च मागतो. २_९ चं नाव बदलून २_७ करणं हाही चुकीचाच इलाज. २_७ जून २०१० च्या डायरेक्टएक्स पॅकेजमधून येते. म्हणून आधीच्या विंडोजवर, कुठल्यातरी गेमबरोबर ते पॅकेज बसलेलं असताना, तुमचा कराओके निमूट चालत होता.

तुम्ही उतरवलेली फाइल का चालली नाही हे समजून घ्या, पुढं कायम उपयोगी पडेल. ६४ बिट विंडोजवर सिस्टम३२ मध्ये ६४ बिटच्या फाइल असतात आणि सिसवॉव६४ मध्ये ३२ बिटच्या. नावं बरोबर उलटी वाटतात, पण आहे हे असं आहे. ३२ बिटचा प्रोग्राम सिस्टम३२ मध्ये बघायला गेला की विंडोज त्याला गुपचूप सिसवॉव६४ कडं वळवतं. तुमचा जुना कराओके ३२ बिटचा आहे. तुम्ही फाइल सिस्टम३२ मध्ये ठेवली, त्यानं बघितलं सिसवॉव६४ मध्ये, म्हणून ‘सापडत नाही’ तसंच राहिलं. मग ती प्रोग्रामशेजारी ठेवली. विंडोज डीएलएल शोधताना सहसा प्रोग्रामच्या फोल्डरात पहिल्यांदा बघतं, त्यामुळे या वेळी सापडली, पण ती ६४ बिटची. ३२ बिटच्या प्रोग्रामात ६४ बिटची डीएलएल शिरत नाही. तेच सांगायला ०एक्ससी०००००७बी आला. हा आकडा दिसला की दहात नऊ वेळा बिटांची गल्लत असते.

फाइल किती बिटची हे बघायला वेगळं काही घालायची गरज नाही. तिची प्रत करून नोटपॅडमध्ये उघडा. अगम्य चिन्हं दिसतील, पण सुरुवातीच्या ओळींत पी आणि ई ही दोन रोमन अक्षरं शोधा. त्यांच्यानंतर थोड्या जागेनं एल असेल तर ३२ बिट, लहान डी असेल तर ६४. बंद करताना सेव्ह मात्र करू नका.

तुमची फाइल योग्य बिटची असती तरी काम झालंच असतं असं नाही. २_७ पर्यंतची एक्सऑडिओ ही सीओएम पद्धतीची आहे, म्हणजे तिची नोंद रजिस्ट्रीत असावी लागते. बरेच प्रोग्राम फाइलचं नाव न घेता त्या नोंदीवरून तिला बोलावतात. नोंद नसली तर फाइल जागेवर असूनही ०एक्स८००४०१५४, म्हणजे ‘क्लास नोंदवलेला नाही’, असा एरर येतो. इन्स्टॉलर फाइल ठेवतो आणि नोंदही करतो. नुसती फाइल आणणारा अर्धंच काम करतो.

म्हणून आता आधी स्वतः टाकलेल्या दोन्ही प्रती काढून टाका, सिस्टम३२ मधली आणि प्रोग्रामच्या फोल्डरातली. दुसरी विसरलात तर पुढचं सगळं करूनही तोच एरर येईल, कारण शोध तिथूनच सुरू होतो. त्यानंतर विंडोज सिक्युरिटीचा ऑफलाइन स्कॅन चालवा. सुट्या डीएलएल वाटणाऱ्या साइटवर फाइल कोणाची, कोणत्या आवृत्तीची, आत काय मिसळलंय, याचा पत्ता नसतो. अस्सल फाइल ओळखायची तर राइट-क्लिक, प्रॉपर्टीज, डिजिटल सिग्नेचर्स. तिथं मायक्रोसॉफ्ट कॉर्पोरेशनची सही दिसायला हवी आणि तपशिलात ती वैध असल्याचं लिहिलेलं हवं.

मग मायक्रोसॉफ्टच्या डाउनलोड केंद्रावरून डायरेक्टएक्सचं जून २०१० चं एंड-यूजर रनटाइम घ्या. छोटा वेब इन्स्टॉलर घेऊ नका, त्याला चालताना नेट लागतं. पूर्ण पॅकेज १०० एमबीच्या आत आहे, एकदा पेनड्राइव्हवर ठेवलं की कायमचं. इथं एक गोष्ट हमखास चुकते. ती फाइल चालवल्यावर काहीच बसत नाही, फक्त गठ्ठा सुटतो. कुठं सोडू विचारेल तेव्हा सी: वर एक रिकामं फोल्डर करून त्याचं नाव द्या. डेस्कटॉपवर सोडलात तर दीडशेच्या वर फाइलचा सडा पडेल. मग त्या फोल्डरातली डीएक्ससेटअप ॲडमिनिस्ट्रेटर म्हणून चालवा. ती ३२ आणि ६४ बिटच्या दोन्ही प्रती आपापल्या जागी बसवते. विंडोजमधल्या नव्या डायरेक्टएक्सला धक्का लागत नाही, फक्त जुने सुटे भाग शेजारी येऊन बसतात.

कराओकेनं पुढं ओपनएएल३२ मागितली तर ती डायरेक्टएक्समध्ये नाही. तिच्यासाठी ओपनएएल सॉफ्ट हे मुक्त पॅकेज आहे. त्यातली ३२ बिटची सॉफ्ट_ओएएल फाइल घेऊन नाव ओपनएएल३२ करायचं आणि प्रोग्रामशेजारी ठेवायची. नाव बदलून ठेवणं इथं चालतं, कारण ती मुळात त्या जागेसाठीच बनवलेली आहे.

एम४ए

ऑडॅसिटी एमपी३ लिहू-वाचू शकते पण फोनची एम४ए किंवा एएमआर नाही, ती एफएफएमपेग या ऑडिओ-व्हिडिओ उलगडणाऱ्या मुक्त पॅकेजच्या डीएलएलकडून उलगडून घेते. (जुन्या सल्ल्यांत एमपी३ बनवणाऱ्या लेमची लेम_ईएनसी.डीएलएल शोधायला सांगतात. २०१९ च्या २.३.२ पासून लेम ऑडॅसिटीच्या आतच आहे, ते विसरून जा.)

एफएफएमपेग दोन रूपांत मिळतं. स्टॅटिक रूपात सगळं एकाच एफएफएमपेग.ईएक्सईमध्ये भरलेलं असतं, डीएलएल एकही नाही. ऑडॅसिटीला लागतं ते शेअर्ड. लोक स्टॅटिक उतरवतात आणि ऑडॅसिटीला काहीच सापडत नाही म्हणून चक्रावतात. ऑडॅसिटी ६४ बिटची असेल तर एफएफएमपेगही ६४. प्रेफरन्सेसमध्ये लायब्ररीज, तिथं लोकेट, आणि एव्हीफॉरमॅट ही फाइल दाखवा. एव्हीकोडेक, एव्हीयूटिल आणि बाकीच्या भावंडांना त्याच फोल्डरात राहू द्या, एकटी एव्हीफॉरमॅट उचलून दुसरीकडं नेली तर ती लुळी पडते. नावापुढचा क्रमांकही बघा: ५८ म्हणजे एफएफएमपेगची चौथी पिढी, ५९ पाचवी, ६० सहावी, ६१ सातवी. ऑडॅसिटीच्या प्रत्येक आवृत्तीला ठराविक पिढ्याच ओळखता येतात, त्यामुळे सगळ्यात नवं घेतलं म्हणजे चालेलच असं नाही. ऑडॅसिटीच्या मदतपानावर जे दिलंय तेच घ्या.

सप्ताहाच्या धांदलीत हे जमलं नाही तर ते स्टॅटिकच कामाला लावा: ‘एफएफएमपेग -आय कीर्तन.एम४ए कीर्तन.वॅव’. जागेचा हिशोब मात्र करा. ४४.१ किलोहर्ट्झ, १६ बिट, स्टीरिओ वॅव मिनिटाला साडेदहा एमबी घेते, म्हणजे दोन तासांचं कीर्तन सव्वा जीबीच्या पुढं. ऑडॅसिटी ते आत ३२ बिटमध्ये धरते तेव्हा दुप्पट, शिवाय प्रत्येक इफेक्टगणिक वेगळी भर. सात रात्रींची कीर्तनं एकदम उघडून बसू नका.

प्लगइन

जुने व्हीएसटी प्रकारचे इफेक्टचे प्लगइन म्हणजेसुद्धा डीएलएलच, नव्या व्हीएसटी३ चं शेपूट वेगळं असलं तरी आतून तेच. तुमचे न दिसण्याचं बहुधा कारण पुन्हा बिट: नव्यानं टाकताना सॉफ्टवेअर ६४ बिटचं आलं, प्लगइन ३२ चे राहिले. रीपर हा दुसरा रेकॉर्डिंगचा प्रोग्राम ३२ बिटचे प्लगइन स्वतःच पूल बांधून चालवतो, ६४ बिटची ऑडॅसिटी चालवत नाही. त्याच प्लगइनची ६४ बिटची प्रत मिळते का बघा. रेगएसव्हीआर३२ नं त्यांची नोंद करायच्या भानगडीत पडू नका. तसल्या नोंदीचं दारच व्हीएसटीत नसतं, ‘डीएलएलरजिस्टरसर्व्हर सापडलं नाही’ एवढंच ऐकायला मिळेल. आणि पेनड्राइव्हवरून हातोहात फिरणारे क्रॅक केलेले गठ्ठे असतील तर अँटिव्हायरसनं ते उचलून नेले असण्याचीही शक्यता आहे. त्याला सूट देऊन परत आणू नका.

बिट जुळूनही प्लगइन उघडत नसेल तर त्याला व्हिज्युअल सी प्लस प्लसचं पॅकेज लागत असेल. २०१५ पासून पुढच्यांसाठी एकच पॅकेज आहे, २०१० आणि २०१३ ची वेगळी. प्रत्येकाचं एक्स८६ (३२ बिट) आणि एक्स६४ (६४ बिट) दोन्ही घाला. विंडोज ६४ बिटचं आहे म्हणून एक्स८६ टाळलं, असं करू नका, ३२ बिटच्या प्लगइनला तेच लागतं.

एवढ्यावर अडलंच तर मायक्रोसॉफ्टच्या सिसइंटर्नल्समधलं प्रोसेस मॉनिटर घ्या. एररमध्ये प्लगइनचं नाव असतं, पण पुष्कळदा हरवलेली असते त्या प्लगइनला लागणारी तिसरीच फाइल. ती इथं सापडते. फिल्टरमध्ये प्रोसेसचं नाव आणि ‘पाथ एंड्स विथ .डीएलएल’ घाला, प्लगइन उघडून बघा आणि ‘नेम नॉट फाउंड’च्या ओळी वाचा. त्या ओळी भरपूर दिसतील, घाबरू नका. विंडोज एका फाइलसाठी पाच-सहा ठिकाणी डोकावतं आणि प्रत्येक रिकाम्या ठिकाणाची नोंद होते. ज्या नावाला शेवटपर्यंत कुठंच ‘सक्सेस’ मिळालं नाही, ते नाव आणि प्लगइन किती बिटचा आहे एवढं कळवा. मालक कोण ते सांगतो.